के. लीग का खेळत नाही

४ सप्टेंबर २००७, मंगळवार
के.च्या प्रॅक्टिसच्या कपड्यांना घामाचा वास नाही. सलग तिसरा दिवस. मशीन लावायचं काम माझ्याकडे, म्हणून कळलं. टी-शर्टची घडीसुद्धा मोडलेली नाही. तेवीस तारखेला इंटरकॉलेज लीग, युनिव्हर्सिटी चिमुकली, बॅडमिंटनच्या टीमला कशाबशा आठ मुली, आणि आमच्या कन्येला घाम येत नाही. बायकोशी, मनीषाशी, बोललो. ती म्हणाली, ऑफिसात सॉफ्टवेअरचे टेस्टर आहात तेवढं पुरे, घरात नको. पण कुठेतरी पाणी मुरतंय.

७ सप्टें., शुक्रवार
सहज विचारल्यासारखं विचारलं, प्रॅक्टिस कशी चाललीय? "फुत्सू." म्हणजे नेहमीसारखी. पुण्याहून आलो तेव्हा सहावीत होती, मराठी अजून ठणठणीत आहे. अडचणीचा प्रश्न आला की मात्र जपानीत शिरते.
मुलगा असणार. मनीषा म्हणते, असला तर असू दे, एकोणीस वर्षांची आहे. असू दे कसं? कोण, कुठला, घरी कोण कोण...

११ सप्टें., मंगळवार
हाफ डे टाकला. लाज वाटते, पण लिहितो. पोरीच्या मागावर गेलो. एक डबा सोडून, चिबाच्या त्या आडबाजूच्या स्टेशनापर्यंत.
स्टेशनसमोर आठ मुली. टीमचे निळे टी-शर्ट, हातात चिमटे, कमरेला कचऱ्याच्या पिशव्या. सिगारेटची थोटकं वेचत होत्या. त्यात के. मी समोरच्या कोंबिनीत, म्हणजे चोवीस तासांच्या दुकानात, मासिक तोंडासमोर धरून तासभर उभा. दुकानदाराने दोनदा पाहिलं. मुलगा-बिलगा कोणी नाही. आधी हायसं वाटलं. मग म्हटलं, हे त्याहून वाईट असणार.

१२ सप्टें.
सकाळी पोहे खाताना मनीषाने गोडीगुलाबीने काढून घेतलं. ऑगस्टच्या कॅम्पमध्ये लॉजच्या मालकाला ज्युनिअर मुलींच्या खोलीतल्या कचऱ्यात बिअरचे रिकामे कॅन सापडले. खोलीत के. धरून पाचजणी, सगळ्या विशीच्या आतल्या, म्हणजे इथे दारूला बंदी. मालकाने युनिव्हर्सिटीला कळवलं. कोणी कबूल करत नाही. म्हणून प्रॅक्टिस बंद, अख्ख्या टीमने माफीदाखल रोज स्टेशन झाडायचं. कोणी पुढे आली नाही तर लीगमधून नाव मागे. मग टीम तळाच्या गटात.
म्हटलं, प्यायली एक आणि शिक्षा आठजणींना? सुक्याबरोबर ओलंही जळायचं?
के. म्हणाली, टीम आहे, बाबा. आणि बशी उचलून गेली.
कोण असेल? पाचातल्या बाकीच्या चौघी मी पाहिल्यात. ती मियू, घरी आली तेव्हा नजर चुकवत होती. किंवा ती उंच, फार हसणारी.

१३ सप्टें., गुरुवार
कोचना मेल लिहिला. आमच्या घरात दारूचा थेंब येत नाही, संस्कार असे असे, केतकीला दोष लागू नये, तिला प्रॅक्टिस करू द्यावी. सॉफ्टवेअर असो नाहीतर टीम, बिघाड जिथे आहे तो भाग बाजूला काढायचा, बाकीचं चालू ठेवायचं. ओकादा-सानना जपानी तपासायला दिलं. माझ्याच टीममधले, पन्नाशीचे, सज्जन. त्यांनी दोनदा वाचलं, दातांतून श्वास आत ओढला, म्हणाले, हे जरा अवघड आहे.
सात वर्षं झाली इथे. 'जरा अवघड' म्हणजे 'मुळीच करू नका', हे मला कळतं. तरी पाठवला.

१५ सप्टें., शनिवार
गणपती बसला. के. मोदक वळायला बसली. आईशी बोलते, माझ्याशी नाही. कोचनी टीमला मेल दाखवला की काय?

१८ सप्टें., मंगळवार
कोच हायाशी-सरांचा फोन, ऑफिसात. आधी मेलबद्दल आभार. मग म्हणाले, आपला मेल मी सगळ्यांना वाचून दाखवला, तो सगळ्यांसाठीच आहे असं समजून. दुसऱ्या दिवशी केतकी-सान येऊन सांगून गेल्या की ते कॅन त्यांचे होते. टीम सोडल्याचं पत्रही दिलं. त्यामुळे बाकीच्या लीग खेळतील. घरी बोलून घ्यावं.
मी हाइ, हाइ, म्हणजे हो, हो, म्हणत राहिलो.
खोटं आहे. मी तिला आठातून वेगळी काढली, म्हणून हिने स्वतःला पुढे घातलं. त्या मियूला वाचवलं. शंभर टक्के. नव्वद टक्के.
मनीषाला विचारलं, तुला काय वाटतं? म्हणाली, मला काय वाटतं ते सोडा, तुम्हाला का ठरवता येत नाहीये?

२३ सप्टें., रविवार
लीगला गेलो. के. नको म्हणाली नाही. ती वर प्रेक्षकांत, साध्या शर्टात. टाळ्यांचा ताल धरून ओरडत होती, घसा बसेस्तोवर. मी मॅच कसली बघतोय! सातजणींची तोंडं वाचत होतो. कोण खाली बघते, कोण के.कडे बघायचं टाळते. सगळ्याच अपराधी दिसतात आणि कोणीच दिसत नाही. ३-२ ने जिंकल्या.
नंतर मियू वर आली. माझ्यासमोर कमरेत वाकली, बराच वेळ. इथे वाकण्यावरून काय ताडायचं? आभाराला वाकतात, माफीला वाकतात, लिफ्टचं दार धरलं तरी वाकतात. ती गेल्यावर मी हळूच म्हटलं, हीच ना?
के.ने पाण्याची बाटली बंद केली.
"बाबा, तुम्ही माझे कपडे हुंगलेत. कोंबिनीत उभे होतात, तेही मला दिसलं होतं. सरांना मेल लिहिलात. मला एकदा तरी विचारलंत, केतकी, तू प्यायलीस का?"
मी खाली कोर्टाकडे बघितलं.
"विचारा ना मग."
मी म्हटलं, चल, आई वाट बघत असेल. ट्रेनमध्ये ती समोरच्या सीटवर बसली, शेजारी जागा असून.

२४ सप्टें., सोमवार
सुट्टी. के. घरीच, प्रॅक्टिस नाही आता तिला. दोनदा तिच्या खोलीच्या दारापाशी गेलो. एकदा चहा हवा का विचारलं, एकदा धुवायचे कपडे मागितले. पोरगी खोटं बोलेल याची धास्ती नाही मला. विचारलं तर खरं सांगेल, आणि ते मेलमध्ये लिहिलंय त्याच्या उलट निघालं तर?
कपडे दिले तिने. मशीन लावलंय. अजून दार उघडंच आहे तिचं.