दहाव्याचं शूटिंग

बेंबळी,
१२ फेब्रुवारी २०२५

अमरसिंह भाऊजींना राजेश्वरीचा नमस्कार.

आज ज्वारी काढायला बाया आल्या होत्या. दुपारभर लाईट नव्हती. सासूबाईंचे गुडघे दुखतात, बाकी ठीक. परवापासून तुमचे फोन मी मुद्दाम उचलत नाही, म्हणून लिहिते.

ह्यांच्या पिक्चरचा तुम्ही टाकलेला ट्रेलर पाहिला. सरदाराच्या अंत्ययात्रेत सगळी ह्यांच्या दहाव्याला जमलेली आमची माणसं आहेत. रंग मळकट करून जुना काळ केलात. ड्रोननं वरून घेतलंय, कुणाची पॅन्ट दिसत नाही. ढोलाच्या आवाजात सासूबाईंचा हंबरडा घातलाय. शेजारच्या सोनालीच्या मोबाईलवर त्यांनी तो ऐकला आणि विचारलं, "ही कोण गं बाई, लई रडतीया?"

"आज्जे, तूच की!" सोनाली बोलून गेली.

त्या दिवशी त्या जेवल्या नाहीत.

दहाव्याला ओढ्यावर तुमचा ड्रोन घिरट्या घालत होता. कावळे बाभळीवर बसून ओरडत होते, पिंडाकडं एकही फिरकेना. तेव्हा तुम्हीच सगळ्यांदेखत म्हणालात, "रणधीरचा जीव पिक्चरमध्ये अडकलाय. वहिनी, बोला, पूर्ण करते म्हणून." मी बोलले. तेवढ्यात बॅटरी संपत आली म्हणून तुम्ही ड्रोन खाली घेतला, आणि कावळा शिवला. सगळ्यांनी हात जोडले. तुम्हीही जोडलेत, रिमोट हातात धरूनच. ते हात आठवले की अजून किळस येते.

परवा फोनवर जाब विचारला तर म्हणालात, "फुकटात एवढी गर्दी परत कुठं मिळंल?"

हे होते तेव्हा त्याच आठ माणसांना पगड्या बदलून कॅमेऱ्यामागून पुन्हा पुन्हा पळवायचे आणि फौज दाखवायचे. गाव हसायचं. ह्यांचे मित्र म्हणून कॅमेरा तुमच्याच हातात असायचा. पण न विचारता ह्यांनी कुणाचा चेहरासुद्धा घेतला नाही.

हार्ड डिस्क सापडत नाही असं मी तुम्हाला सांगितलं होतं. ती माझ्याकडंच आहे. त्यात ह्यांचं सगळं काम आहे, ते पूर्ण व्हावं असं मलाही वाटतं. दहाव्याचं शूटिंग माझ्यासमोर पुसा आणि डिस्क घेऊन जा. नाहीतर पिक्चर अर्धाच राहील. दिलेला शब्द मोडला, तर ह्यांना काय सांगायचं ते माझं मी बघेन.

खाली 'तुमची वहिनी' असं लिहीत नाही. पीठ संपलंय, डबा घेऊन गिरणीत जाते.

राजेश्वरी