इहराम नेसलेला पुतळा

मोहतरमा खुर्शीद आपा,

सलाम. तुझा गुडघा कसा आहे? दुलाभाईंची साखर उतरली का? इकडे मैमुना, इकरा आणि मी बरे आहोत. (मी बरा आहे, हे मैमुनाचं मत नाही.)

तुझ्या कानावर काही आलं असेल तर ते खरं आहे. इथल्या बलद बाजारातलं माझं कपड्यांचं दुकान चालतं ते इंडोनेशियाहून उमऱ्याच्या यात्रेला येणाऱ्या बायकांवर. इबू नूरहयाती (इबू म्हणजे आपल्याकडची आपा, पण धाक जास्त) दर गुरुवारी एक बस भरून आणतात. ती बस बंद झाली तर दुकान बंद. इंडोनेशिया मला कळतो असा माझा लौकिक होता. मीच पसरवलेला. मी इथे आलो तेव्हा या बायका कॅसेटवरची दांगदुत गाणी गुणगुणत. ढोलकी, बासरी, आपल्या जुन्या हिंदी गाण्यांची मावसबहीणच. मी चार गाणी पाठ केली आणि अबाये, म्हणजे पायघोळ बुरखे, खपले. मग तिकडच्या टीव्हीवर मालिका आल्या. सासू, सून, इस्पितळ, गेलेली स्मृती. मी तीनशे भाग पाहिले आणि सगळी भाषा तिथून उचलली. त्यामुळे कोणी दहा रियाल कमी करा म्हटलं की माझ्या तोंडून मरणाला टेकलेल्या आईचं वाक्य येई. बायका डोळे पुसत आणि घेत. तिथे मी शिकणं थांबवलं. त्यांचा देश थांबला नाही. त्या बायकांच्या मुली मोठ्या झाल्या, भुतांचे सिनेमे पाहू लागल्या, आणि हातात फोन घेऊन उमऱ्याला आल्या.

मागच्या महिन्यात मी एक नवा पुतळा आणला, डोक्यासकट. त्याला यात्रेकरू नेसतात ते इहरामचं पांढरं कापड नेसवलं. धूळ बसते म्हणून डोकंही झाकलं आणि वर सुतळीने गाठ मारली. पायाशीही एक मारली. (हा नीटनेटकेपणा अब्बांचा, तू जाणतेस.) दारात उभा केला. मला तो हाजी दिसत होता. गुरुवारी बस आली. पहिली बाई थबकली, दुसरी किंचाळली, बाकीच्या बसकडे पळाल्या. त्यांच्या सिनेमातलं एक प्रसिद्ध भूत कफनात गुंडाळलेलं असतं आणि त्याच्या डोक्यावर गाठ असते, हे मला त्या दिवशी कळलं. मी मागे धावलो. मालिकेतलं जे वाक्य आठवलं ते ओरडलो: "मला एकटं सोडून जाऊ नका, तुमच्याशिवाय मी मरून जाईन." माझ्यामागे पुतळा. एका मुलीने ते सगळं फोनवर घेतलं. संध्याकाळपर्यंत त्याखाली ढोलकी लागली होती. इकरा म्हणाली, "अब्बू, जकार्ता में लोग आप पर नाच रहे हैं."

पुढच्या गुरुवारी बस आकिबच्या दुकानासमोर उभी. (आकिब रायगडचा. त्याला इंडोनेशियन तीन शब्द येतात: या, चांगलं, स्वस्त.) खजूर घेऊन मी इबूंच्या हॉटेलवर गेलो. त्या म्हणाल्या, "हाजीसाहेब, आमच्याकडे लोक घाबरायला तिकीट काढतात. इथे या बायका नमाजाला येतात." माझी सगळी उत्तरं मालिकेतली. मी कबूल केलं: पुतळा फेकतो, गाणी बंद, रडणं बंद, भाव सांगेन आणि गप्प बसेन. त्या म्हणाल्या, बघू. अठ्ठावन्नाव्या वर्षी अक्कल आली, असं मी मैमुनाला सांगितलं. ती म्हणाली, "कितव्या भागात?"

तुझा धाकटा,
फकरुद्दीन

ता. क. काल बस आली. मी भाव सांगून गप्प बसलो. अर्धा तास कोणी काही घेतलं नाही. मग इबूंनीच हळू आवाजात विचारलं, तो कुठे आहे? त्यांच्या नातवाला फोटो हवा होता.

ता. क. २. पुतळा मी फेकला नव्हता. माळ्यावर होता. आता दारात आहे, दोन्ही गाठींसकट. इहरामचे अकरा जोड गेले. आकिब सुतळी शोधतो आहे.

ता. क. ३. रमजानमध्ये फोन करून अफशाँचे नाचाचे व्हिडिओ मी बंद करायला लावले. घराण्याची अब्रू वगैरे बरंच बोललो. लेकीला सांग, मामू चुकला. तिने आपले पुन्हा सुरू करावेत आणि मलाही शिकवावं. (दुलाभाईंना इतक्यात सांगू नकोस.) मुख्य म्हणजे उजेड कुठून घ्यायचा ते विचार. पुतळ्याबरोबर मी टाकलेल्या पहिल्या व्हिडिओखाली लोक लिहितात, दोघांपैकी भूत कोणतं?