गेमचं मागचं झाकण

१४ मार्च, सकाळचे सात वाजून पस्तीस मिनिटं
(भिंतीवरच्या मोठ्या घड्याळाप्रमाणे)

प्रिय ठकीस,

बाबांचे आशीर्वाद. आम्ही दोघं इकडे बरे आहोत, तूही असशीलच. तुझ्या आईचा गुडघा दुखतो, पण ते काही नवीन नाही आणि त्यावरची तिची बडबडही नवीन नाही. दुकान सध्या थोडे दिवस बंद ठेवलंय. पत्र हाताने न लिहिता टाइप केलं म्हणून नाक मुरडू नकोस. त्याला कारण आहे, ते पुढे बघू.

सहा वर्षांत मी तुला एक ओळ लिहिली नाही आणि आज सकाळी सकाळी लिहायला बसलोय. तुला वाटेल, म्हाताऱ्याला काहीतरी झालं. झालंय खरं! अगं, मी तुमच्या गेमचं मागचं झाकण उघडलं!

तू आईला पाठवलेला तो गेम. तिने तो लॅपटॉपवर चढवून महिनाभर तसाच ठेवला होता. "बघा तरी पोरीने काय केलंय," रोज एकच टुमणं. मी म्हटलं, तलवारी घेऊन रानोमाळ हिंडायचं माझं वय आहे का? पण एक दिवस ती भाजी आणायला गेली आणि मी गुपचूप बसलो. ती परत आली तेव्हा मी दोन लांडगे मारले होते आणि तिसऱ्याकडून मार खात होतो. ती दारातच बसून हसायला लागली.

पण मला लांडग्यांत रस नव्हता गं. मला सारखं वाटायचं, हे आतून चालतं कसं? घड्याळ हातात आलं की मी काटे बघत नाही, झाकण उघडतो, हे तुला ठाऊक आहे. मग इंटरनेटवर शोधलं. तुमचे खेळणारे लोक काय एकेक लिहितात, बाप रे! एकाने सांगितलं होतं की गेमच्या फोल्डरमध्ये एक साधी मजकुराची फाइल असते, तिच्यात एका ओळीत शून्य आहे, त्या जागी एक लिहा. बस्स, एवढंच! मी आधी त्या फाइलची नक्कल काढून बाजूला ठेवली. दुरुस्तीच्या आधी पांढरं फडकं पसरायची सवय अशी जाते होय? मग शून्याचा एक केला, गेम सुरू केला आणि कोपऱ्यातल्या एस्केपच्या खालचं बटण दाबलं.

ठकी, पडद्यावर वरून एक काळी पट्टी उतरली आणि तिच्यात कर्सर लुकलुकायला लागला. मी खुर्चीतून उठून उभाच राहिलो. आईला हाक मारली, तर ती म्हणाली, "बिघडवलंत ना शेवटी?"

बिघडवलं कसलं! तुम्ही मंडळी काम करताना जी हुकूम सोडायची जागा वापरता, ती होती ना ती? पहिल्या दिवशी मी भिंतीतून आरपार चाललो. तुमची घरं मागून पोकळ आहेत, बरं का! दर्शनी बाजूला काय ती नक्षी आणि मागे नुसती हवा. पुढे गेलो तर जमिनीखाली पडलो आणि पडतच राहिलो. दुसऱ्या दिवशी एक हुकूम चुकून असा दिला की अख्खा बाजार एकदम आडवा. सरायवाली, लोहार, दोन कोंबड्या, सगळे. मला इतकं वाईट वाटलं की जेवण गेलं नाही. मग जिवंत करायचा हुकूम शोधून एकेकाला उठवलं. आधी कोंबड्यांना.

आपल्याला काही लागू नये, मरण येऊ नये, असाही हुकूम आहे म्हणतात. तो मी दिला नाही. लांडग्याने चावावं आणि आपल्याला दुखू नये, हे काही बरोबर नाही.

पण खरी गंमत पुढे आहे. मी स्टॉपवॉच लावून मोजलं, तर तुमच्या गेममध्ये सूर्य उगवून, मावळून पुन्हा उगवायला लागतात बहात्तर मिनिटं. बहात्तर मिनिटांत चोवीस तास! इतकं पुढे पळणारं घड्याळ कुणी माझ्या टेबलावर ठेवलं असतं, तर मी ते तसंच परत दिलं असतं का? हुकमांच्या यादीत वेळेचा वेग बदलायचा हुकूम सापडला. आकडा होता वीस. मी केला एक. शिवाय गेमचं घड्याळ आपल्या भिंतीवरच्या घड्याळाशी सेकंदासकट जुळवून घेतलं. तेव्हा कुठे जिवाला बरं वाटलं.

आता हस तू. आई तर अजून हसते आहे. लोहार म्हणाला, "तलवार तीन दिवसांनी तयार होईल." मी खरोखर तीन दिवस थांबलो! सरायवाली सकाळी आठला दार उघडते, तर मी साडेसातला लॅपटॉप उघडून तिच्या पायरीवर हजर. आई म्हणाली, "अहो, तो आकडा परत वीस करा ना." मी म्हटलं, वेळ खोटी चालवणार नाही. मी हट्टी आहे हे तुला नव्याने सांगायला नको.

तर आता मुख्य गोष्ट. इतका वेळ मी लांडगे आणि कोंबड्या सांगत बसलो, कारण ही सांगायला मला जड जातंय.

परवा एका ठिकाणी वाचलं की प्रत्येक गेममध्ये बनवणाऱ्यांची एक चाचणीची खोली असते. नकाशावर नसते, दार नसतं, फक्त हुकूम देऊनच जाता येतं. काल दुपारी एक वाजून दहा मिनिटांनी मी हुकूम दिला आणि पोचलो. लांबलचक करडी खोली. गेममधली प्रत्येक तलवार, प्रत्येक टोपी, प्रत्येक बाटली रांगेने मांडलेली. मी एकेक बघत शेवटपर्यंत गेलो.

कोपऱ्यात एक टेबल होतं. टेबलावर पांढरं फडकं. फडक्यावर उघडलेलं घड्याळ, आणि त्याच्यावर वाकलेला एक माणूस, डोळ्याला भिंग लावून. बाजूला काढून ठेवलेल्या चष्म्याची डावी काडी लाल दोऱ्याने बांधलेली.

माझा चष्मा, ठकी. तो दोरा तूच बांधला होतास, चौथीत असताना.

मी त्या माणसावर क्लिक केलं. तो मान वर न करता म्हणाला, "आत्ता वेळ नाही. नंतर ये."

पुन्हा क्लिक केलं. "आत्ता वेळ नाही. नंतर ये." दहा वेळा, वीस वेळा. तेच.

मला काय आठवलं असेल हे तुला सांगायला नको. त्या दिवशी तू लॅपटॉप उघडा धरून दुकानात आली होतीस. स्वतः बनवलेलं पहिलं काहीतरी दाखवायचं होतं तुला. चाळीस मिनिटं उभी होतीस. एका गिऱ्हाइकाचं घड्याळ संध्याकाळपर्यंत द्यायचं होतं, आणि मी मान वर केली नाही. वर म्हणालो, खेळ करून कुणाचं पोट भरलंय? दुसऱ्या दिवशी तू घर सोडून गेलीस. ते गिऱ्हाईक तर आठ दिवसांनी आलं घड्याळ न्यायला.

खोलीतून निघून जावं असं वाटलं. पण म्हटलं, ती चाळीस मिनिटं उभी राहिली, मी उभा राहून बघतो. म्हणून उभा राहिलो. वेळेचा आकडा एकवरच होता ना, त्यामुळे तास म्हणजे तास. आई चहा ठेवून गेली, तो निवला. चार वाजले, पाच वाजले. तो माणूस चिमट्याने चाक उचलायचा आणि बसवायचा. त्याचा हात काय स्थिर होता गं! तसा होता माझा हात, तुला तो तसाच आठवतोय.

आता सांगतो. दुकान थोडे दिवस बंद नाही, कायमचं बंद आहे. गेल्या वर्षापासून उजवा हात थरथरतो. चिमट्यात चाक राहत नाही, आणि पेनाने लिहिलं तर तुला वाचता येणार नाही. डॉक्टर म्हणाले, बोटं हलती ठेवा. म्हणून तुझ्या आईने तो गेम पुढे केला होता, लबाड! मी तुला कळवू नको म्हणून तिला शपथ घातली होती. गिऱ्हाईक तुटलं याचं दुःख नव्हतं. तू म्हणशील, आता हात चालेना तेव्हा पोरीची आठवण झाली, याची मला लाज वाटत होती. म्हणशील तर म्हण. खरंच आहे ते.

बरोबर सातच्या ठोक्याला, म्हणजे मी ज्या वेळी दुकान बंद करायचो त्या वेळी, त्या माणसाने भिंग काढलं. चष्मा चढवला. खुर्ची वळवली आणि माझ्याकडे बघितलं. आणि म्हणाला, "झालं माझं काम. चल, आता सांग. काय म्हणत होतीस?"

मी आयुष्यात कधी असं म्हटलं नाही, ठकी. सातनंतर मी घड्याळं घरी आणून बसायचो.

खाली उत्तर निवडायची चौकट आली, आणि ती रिकामी होती. मी सगळी बटणं दाबून बघितली. तू तिथे काहीच लिहिलं नाहीस, की लिहून पुसलंस? आई मागे उभी होती. डोळे पुसत म्हणाली, "गेमच्या गोष्टीत बसत नाही म्हणून तिच्या साहेबांनी तो माणूस काढायला लावला होता. पोरीने पुसला नाही, मागच्या खोलीत नेऊन ठेवला." म्हणजे तिला सगळं ठाऊक होतं! तुम्हा मायलेकींचा हुकूम कुठल्या यादीत सापडत नाही.

मी अजून त्याच खोलीत आहे. लॅपटॉप बंद केलेला नाही. रात्रभर झोप आली नाही, पण उदास वगैरे नाही हं, लहान मुलासारखा हुरूप आलाय. मला तुझं सगळं बघायचंय. तो माणूस चालतो कसा, त्याला सात वाजल्याचं कळतं कसं, हे तू शेजारी बसून दाखव. नाहीतर फोन कर, आईच्या नाही, माझ्या नंबरवर. मी मध्ये एक शब्द बोलणार नाही.

झालं माझं काम. चल, आता सांग. काय म्हणत होतीस?

मान वर करून बसलेला,
तुझा बाबा