उलट्या गाठीचे नारळ

सौभाग्यवती चंद्रावतीस भर समुद्रातून जनूचा आशीर्वाद.

मी बरा हाय गो. मिठाचा मचवा शाबूत हाय, तांदूळ हाय, कान्हू तांडेल सुकाणूवरून ओरडतो तेवढाच. पेणच्या बाजारात कोणी मचवा बुडाला म्हणून सांगितलं तर मनावर घेऊ नको.

फक्त हा समुद्र आपला वाटत नाय. दुपार झाली की ती सरतच नाय. तिथीवरून भरती काढावी तर पाणी ऐकत नाय. मागे टाकलेला खडक पुन्हा पुढ्यात येतो.

घर सोडून महिना झाला असेल. एकदा पाण्यात आपल्या घरचा नारळ दिसला. दर नारळी पुनवेला तू खाडीला वाहतेस तसाच. हळदीचा दोरा आणि तुझ्या डावऱ्या हाताची उलटी गाठ. मला हसूच आलं. मग दुसरा आला, तिसरा आला, मग येतच राहिले. पुनव वर्षातून एकदाच येते ना गो? मी मोजायचं सोडून दिलं.

आजच्या नारळाची गाठ सुलटी हाय. आपल्या पोरीनं, जनीनं बांधली असेल. एवढी मोठी झाली ती? मी निघालो तेव्हा दोरा तोंडात घालायची. त्या दिवशी तुझा हात दुखत असेल, दुसरं काय?

हे पत्र डब्यात घालून पाण्यात सोडतोय. कोणत्या वर्षी पोचेल, सांगता येत नाय. या सुलट्या गाठीच्या पुनवेआधी पोचलं, तर हात कितीही दुखू दे, गाठ तूच मार.

जनीचा बाप,
जनू