त्रेचाळीस पट्ट्या

२८ ऑगस्ट १९९६, बुधवार

झाला एकदाचा राजपुत्राचा घटस्फोट. रेडिओवर सकाळपासून तेच. त्याच्या बायकोच्या नावापुढची मोठी पदवी गेली म्हणे. पोस्टातल्या रांगेत वाद — आता ती समोर आली तर गुडघ्यात लवायचं की नाही? जशी काही उद्या आमच्या गावात बटाटे घ्यायला येणार आहे!

दुपारी पाद्री पेल दारात. "मिसेस आयव्हसन, राजघराण्याच्या प्रार्थनेतून तिचं नाव काढायचंय. तुमच्याइतकं नीटनेटकं कोण करणार?" चर्च झाडायचं मी, मेणबत्त्या लावायच्या मी, लग्नाच्या पाहुण्यांना दारात 'वधूकडचे की वराकडचे' विचारून डावीउजवीकडे बसवायचं मी. आता राजघराण्यातून माणसं वगळायचीही मीच.

पंधरा वर्षांपूर्वी तिचं नाव घातलं तेव्हाही जुन्या ओळीवर कागदाच्या पट्ट्या मीच चिकटवल्या होत्या. त्रेचाळीस प्रार्थनापुस्तकं.

२९ ऑगस्ट, गुरुवार

रोवेना आली. गुरुवार तिचा. माझ्या मुलाची, कीथची बायको — होती. मार्चमध्ये त्यांचाही निकाल लागला. आणि लग्न तरी कधी? त्याच आठवड्यात! बुधवारी राजपुत्राचं, शनिवारी आमच्या कीथचं. गल्लीतल्या पताका उतरवल्याच नाहीत, त्यांच्याच खाली फोटो काढले. उजवीकडच्या पहिल्या बाकावर मी, वराची आई, डोक्यावर ती भयंकर निळी टोपी. डावीकडे, वधूच्या बाजूला, तिचे वडील एकटे. आई तिच्या लहानपणीच गेलेली. आता तेही नाहीत.

मी मैद्याची खळ शिजवली, डिंकाने जुनी पानं कडक होतात. ती पट्ट्या लावत होती. सगळ्या तिरक्या. पंधरा वर्षांत या बाईला एक गोष्ट सरळ चिकटवता आली नाही.

"माझ्यावरही लावलीत का हो एखादी पट्टी—" पुढे 'आई' यायचं होतं. मग म्हणाली, "आता काय म्हणायचं तुम्हाला? मिसेस आयव्हसन?"

"मिसेस आयव्हसन तर अजून तूही आहेस."

हसलो दोघी. पण ती तो शब्द काही पुन्हा बोलली नाही. कपबशा विसळताना नुसतं "अहो, टॉवेल कुठाय".

जाताना बदकाची सहा अंडी ठेवून गेली. जॉस रॉने दिली म्हणे. तो चर्चच्या घड्याळाला किल्ली द्यायला येतो. कुणाला कधी एक अंडं दिल्याचं ऐकलं नाही.

१ सप्टेंबर, रविवार

पाद्री पेलांनी राजघराण्याची प्रार्थना डोळे मिटून म्हटली, नेहमीसारखी. तिच्या नावासकट! सगळे म्हणाले, आमेन. कुणाच्या लक्षातही आलं नाही. रोवेना माझ्या कानाशी: "पट्ट्या पुस्तकावर नाही, त्यांच्या जिभेवर लावायला हव्या होत्या." हसू दाबताना बरगड्या दुखल्या.

१२ सप्टेंबर

कीथचा फोन. चर्चच्या सुगीच्या जेवणाला शेरिलला घेऊन येतोय, त्याच्या नव्या मैत्रिणीला. "आणि रोवेना आपल्या टेबलावर नको. आई, तुझं नातं संपलं तिच्याशी. माझ्यामुळे होतं ना ते?"

'बघते' म्हणून फोन ठेवला. बरोबरच बोलत होता, म्हणून जास्त लागलं. कागदोपत्री ती माझी कोण? कीथ माझा मुलगा आहे, त्याला मी टाकणार नाही. पण गुरुवार गेला तर मी काय करू? हर्बर्ट, माझा नवरा, गेल्यापासून सात वर्षं या घरात गुरुवारीच काय ते दोन कप लागतात.

१३ सप्टेंबर

मीच फोन केला. म्हटलं, "ती माझ्या शेजारी बसेल. तुझ्यासाठी दुसऱ्या बाजूची खुर्ची ठेवते. शेरिललाही पोटभर वाढीन." त्याने फोन आपटला. मी शांतपणे टोमॅटोची चटणी केली. पाच बाटल्या.

२८ सप्टेंबर, शनिवार

कीथ आला! पलीकडच्या टेबलावर बसला, तोंड फुगवून. डुकराचं मांस भरलेली पेस्ट्री मात्र तीनदा घेतली. शेरिल साधी आहे, भांडी पुसायला उठली. रोवेनाने तिला कोरडा टॉवेल दिला आणि दोघी हवेबद्दल बोलल्या. मला एवढं पुष्कळ.

जॉस रॉ स्वच्छ कॉलर घालून आला होता. सगळं गाव बघत होतं. रोवेना सोडून.

२० फेब्रुवारी १९९७

बर्फ. रोवेना तरीही आली. अजून 'अहो'च.

२४ एप्रिल, गुरुवार

तर — रोवेना आणि जॉस! लग्न नोंदणी कचेरीत, मग चर्चमध्ये आशीर्वाद. पाद्री पेलांनी होकार दिलाय. सांगताना चमच्याने चहा ढवळत राहिली, साखर घेत नाही तरी. "तुम्ही याल ना?" मी म्हटलं, न यायला काय झालं. जॉस चांगला माणूस आहे. मनापासून आनंद झाला.

ती गेल्यावर मात्र बसून राहिले. मी बसायचं कुठे? जुन्या नवऱ्याच्या आईला कुठल्या बाजूला बसवतात? इतकी वर्षं लोकांना बसवतेय, मलाच माहीत नाही. मागे, खांबाआड बसेन. तिथून दिसतंही बरं. गुरुवारचंही आता काही खरं नाही. तिला घर असेल.

१७ मे, शनिवार

आज दारात माझ्या जागी पाद्रींच्या बायको, मिसेस पेल, होत्या. मी खांबाकडे वळले, तर दंडाला धरून डावीकडे घेऊन गेल्या. पहिला बाक. पाठीवर कागदाची पट्टी, मैद्याच्या खळीने चिकटवलेली, तिरकी. वर एकच शब्द, तिच्या अक्षरात — आई.

उद्या बाक पुसायचाय. पट्टी काढणार नाही.