सामरवरणीच्या टेकडीवरचा कडुनिंब

सिल्वासा, ११ डिसें. ८८
सगळे पाठ थोपटतायत आणि मी ताट तसंच झाकून ठेवलंय. सामरवरणीची उजाड टेकडी, माझा पहिला एकटीचा पालट. पालटशाळेत शिकवलं तसंच केलं. तिथली ओली माती दोन्ही तळव्यांना फासली, डोळे मिटले, माती वाळेपर्यंत मनात जंगल धरलं. साग, खैर, पळस, खाली ओल. इथलं जंगल. डोळे उघडते तर समोर बाभळी! निवडुंगाची कुंपणं. आणि मधोमध एक कडुनिंब, दगडी ओट्यासकट.
तो कडुनिंब मी ओळखते. अमळनेरचा, आमच्या दारातला.

१२ डिसें.
मोठ्या बाई (शाळेच्या मुख्य, यापुढे मो.बा.) टेकडी बघून आल्या. म्हणाल्या, डोळे मिटल्यावर माहेर आठवलं ना? पहिल्या वर्षापासून घोकून घेतात, पालट करताना आपलं गाव मनात आणू नका, जे मनात ते मातीत. ज्यानं पालट केला त्यानंच तो परतवायचा, दुसऱ्याच्या हातून होत नाही. आणि परतवला की त्यातलं पानही उरत नाही.
म्हटलं, परतवायचा कशाला? हिरवी तर झालीय. मो.बा. नुसता चष्मा पुसत बसल्या. त्यांनी चष्मा पुसला की समजावं, आपलं काही खरं नाही.

२८ डिसें.
खोलीत बसवत नाही. दार उघडते, लावते, परत उघडते. शेवटी टेकडीवर गेलेच. ओट्याच्या कोपऱ्याला तीच फूट. आई तिथं वाती वळायला बसायची. ती गेली, मग भावानं स्लॅब टाकायला झाड तोडलं, ओटाही फोडला. मला कळवलंसुद्धा नाही. दिवाळीला गेले तर दारात नुसतं ऊन. म्हणजे आता जगात हा एकच. तोही चुकून झालेला.

रवि. १५ जाने. ८९
राखोलीच्या कारखान्यांतली आपल्याकडची माणसं टेकडीवर यायला लागलीत. कुणी कुणाला सांगितलं देव जाणे. धुळ्याचे, शिरपूरचे, चोपड्याचे. डब्यात भरीत, कळण्याची भाकरी. मलाही जबरदस्तीनं वाढलं. सुताच्या कारखान्यातले रमेशभाऊ ओट्यावरून हात फिरवत म्हणाले, "आठे ते घरना वारा शे, ताई." मग तोंड फिरवून बसले. मीही रडले, सगळ्यांसमोर, लाज न बाळगता.
वारा खरंच घरच्यासारखाच. कोरडा, तापलेला. ऐन जानेवारीत. इथं असा वारा नसतो. हे तिथंच लक्षात यायला हवं होतं. आलंही होतं बहुतेक, पण भरीत फार छान होतं.

२ फेब्रु.
जानीबाई आली. पायथ्याच्या वारली पाड्यावरची, शाळेत रानभाजी घेऊन येते ती. आज टोपली रिकामी. पाड्याचा झरा टेकडीतून येतो. शिमग्यानंतरही वाहणारा झरा, तो आत्ताच आटला. बायका हंडे घेऊन पार दमणगंगेवर जातायत. भांडली असती तर बरं झालं असतं. शांतपणे म्हणाली, "तुजा गाव बेस आहे, बाय. पन तो आमचे डोक्यावर का ठेवलास?"
चहा टाकला. चहालाही पाणी लागतं, हे आधण ठेवल्यावर सुचलं.

१० फेब्रु.
मो.बां.ना विचारलं, सगळं जाऊ दे, फक्त कडुनिंब ठेवला तर? नाही म्हणाल्या. पालट त्याच्यापासूनच सुरू झालाय, तो राहिला तर बाभळी परत येणार, वाराही. मग एकदम आवाज खाली आणून, "तुझी आई त्या झाडात नाही गं." माहीत आहे म्हटलं. साफ खोटं. खोलीवर येऊन भांडी घासली. घासलेलीच होती.

रवि. १९ फेब्रु.
टेकडीवर सांगून टाकलं की पालट परतवणार. काहीजण न जेवताच उठले. रमेशभाऊ तडकले. म्हणे आपल्या गावच्या बायका काय कमी हंडे वाहतात, यांना एवढं काय झालं? बोलता बोलता स्वतःच थांबले. त्यांची बायको गावी आहे, आणि त्यांच्या गल्लीत नळ नाही. जाताना डबा माझ्याकडेच विसरले.

२६ फेब्रु.
बसले. पालट परतवायला माती फासली, डोळे मिटले, मूळची टेकडी मनात धरू पाहिली. कडुनिंबच! डोळे उघडले तर झाड आणखी दाट. विसरायला बसावं तर तेच ठाण मांडून बसतं. कपाळ बडवून घ्यावंसं वाटलं, पण हात मातीचे.

८ मार्च
अक्कल उशिरा आली. मला इथली टेकडी माहीतच नाही. इतकी वर्षं इथं नुसती राहिले, झाडांची नावं तेवढी पाठ केली. आज जानीबाईला ओट्यावर बसवलं. म्हटलं, टेकडी बोडकी व्हायच्या आधी कशी होती ते सांग. माझे तळवे मातीत. ती आधी लाजली, मग सुटलीच. डिंक कुठं मिळायचा, रानकोंबडा कुठं ओरडायचा. वरच्या अंगाला मोठा मोह होता, आई तिला त्याच्या सावलीत टोपलीत निजवून फुलं वेचायची.
पहिल्यांदाच कडुनिंब आला नाही. मोह आला, टोपली आली, वाकलेली बाई आली. माती वाळली तरी डोळे उघडवेनात. तिचीही आईच की.

१४ मार्च
झऱ्याच्या तोंडाशी माती काळी पडलीय. पाणी नाही, ओल. जानीबाईनं बोट लावलं, वास घेतला, मान हलवली. हो की नाही, कळलं नाही. विचारायचा धीर झाला नाही.
वर बाभळी विरळ झाल्यात, की मला तसं वाटतंय. कडुनिंब उभा आहे. पानं गळतायत, सगळा ओटा पिवळा. फाल्गुनात कडुनिंब गळतोच. आई रोज झाडायची आणि रोज कुरकुरायची. शिमगा झाला की लगेच तांबूस पालवी फुटायची. यंदा फुटली तर झरा गेला. नाही फुटली तर
झाडू घेऊनच गेले होते. ओटा झाडला, कोपऱ्यातल्या फुटीत अडकलेली पानंसुद्धा काढली. फांद्यांकडे मात्र वर बघितलं नाही.