शके १९२१ची चूक

मी, केशोराव दुलीचंद रहांगडाले, वय सदुसष्ट, महाविद्यालयाचा सेवानिवृत्त ग्रंथपाल, राहणार आमगाव, जिल्हा गोंदिया, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे. तसे डॉक्टरांचे पत्र सोबत जोडले आहे. कोणाचा दाब नाही. भीती मात्र आहे, आणि ती नाही असे लिहिले तर पहिल्याच परिच्छेदात खोटे होईल. येत्या सोमवारी नागपूरला माझ्या हृदयाची शस्त्रक्रिया आहे. तिची भीती वाटते. त्याहून जास्त भीती ज्याची वाटते ते कलम चारमध्ये आहे. वाचणाऱ्याने उडी मारून तिकडे जाऊ नये. मलाही तिथे पोचायला वेळ लागणार आहे.

एक. राहते घर पत्नी मुन्नीबाई हिचे, तिच्या हयातीपर्यंत. त्यानंतर मुलगा तिलक आणि मुलगी सोनिका यांचे, निम्मे निम्मे. "बहिणीला घरात वाटा कायले?" असे तिलकने एकदा विचारले होते. त्याला उत्तर हेच कलम आहे.

दोन. तलावाखालच्या धानाच्या दोन्ही बांध्या, म्हणजे भातखाचरे, तिलकच्या. धुऱ्यावरचे मोहाचे झाड तोडायचे नाही. बँकेतली ठेव मुन्नीबाईची, आणि ती कशी खर्चावी हे तिला कोणी शिकवू नये.

तीन. माझ्या खोलीतले भिंतीवरचे पंचांग, ज्याच्या प्रत्येक पानावर शके आणि इसवी अशी दोन्ही साले छापलेली आहेत, ते साहित्य सभेचे अध्यक्ष छोटेलाल टेंभरे यांना द्यावे. कशासाठी ते पुढे कळेल.

चार. आता ते.

आपल्या जिल्ह्यातल्या लहान छापखान्यांतून निघालेल्या दोनशे बारा पुस्तिकांची मी २००६ साली वेबसाइट केली. एका पुस्तिकेला एक पान. प्रत्येक पानाच्या माथ्यात वाचणाऱ्याला न दिसणाऱ्या काही ओळी असतात: पुस्तकाचे नाव, लेखक, साल. त्या माणसांसाठी नसतात. दूरच्या ग्रंथालयांची यंत्रे येतात, त्या ओळी वाचतात आणि आपल्या यादीत उतरवून घेतात. हे शिकायला मी आठवडाभर नागपूरला राहिलो आणि परतल्यावर महिनाभर त्याच गोष्टी सांगत सुटलो. मुन्नीबाई म्हणाली, "दिसतच नाही तं एवढा थाट कायचा?"

शामकला ही माझी चुलत बहीण, टिकाराम कटरे यांची पत्नी, राहणार फुलचूर. धानाच्या रोवण्याच्या वेळी बायका गातात तशी चाळीस गाणी तिने स्वतः रचली. 'बांधीतले बोल' ही तिची पुस्तिका चैत्र शके १९२१ मध्ये छापली गेली. इसवी साल तीवर नव्हते. शकात अठ्ठ्याहत्तर मिळवले की इसवी साल येते, म्हणजे १९९९. बाकी सगळ्या पुस्तिकांना मी अठ्ठ्याहत्तर मिळवले. हिचे पान मात्र, बहिणीचे म्हणून, सर्वांत आधी आणि हौसेने केले. दिसणाऱ्या मजकुरात 'शके १९२१' बरोबर लिहिले. न दिसणाऱ्या ओळीत नुसते चार अंक लागतात, 'शके' हा शब्द तिथे चालत नाही. मी १९२१ लिहिले आणि चहाला उठलो.

यंत्रांनी ते इसवी १९२१ मानले. शामकलाचा जन्म १९४८चा.

जानेवारी २०१२ मध्ये गोंदियाला सभेच्या हॉलमध्ये तिचा सत्कार ठरला. मी निवड समितीत होतो. समितीतल्या एकाने लॅपटॉपवर नाव टाकले, तर मोठमोठ्या याद्यांत पुस्तक १९२१चे निघाले. छोटेलाल माइकवर म्हणाले की बाईंनी त्याच नावाच्या कोणा जुन्या लेखिकेची गाणी चोरून आपली म्हणून छापली. तिने पुस्तिका दाखवली. ते म्हणाले, "कंप्यूटर झूठ नहीं बोलता, बाई." त्यातल्या एका गाण्यात मोटारपंप आहे. १९२१ साली आमच्या गावच्या बांधीत मोटारपंप कोणी बसवला, हे विचारायचे हॉलमध्ये कोणाला सुचले नाही. मला सुचले होते.

शामकलाने माझ्याकडे पाहिले. "केशोभाऊ, तू तं सांग न."

मी म्हणालो, "पाहून सांगतो."

एवढेच. चूक कोणाची ते मला त्याच क्षणी कळले होते. पण जिल्ह्यात संगणकवाले गुरुजी म्हणून माझे नाव होते, आणि ते तिथे चारचौघांत जाईल याची मला भीती वाटली. तिने शाल परत टेबलावर ठेवली. त्या वर्षीपासून राखी आली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ती ओळ दुरुस्त केली. दोन मिनिटे लागली. पण यंत्रांनी उतरवून घेतलेले तसेच राहिले. पुढच्या वर्षी एका यादीत तिच्या नावाआधी 'कै.' लागले, १९२१ची लेखिका आता कुठून असणार, असा कोणीतरी हिशेब केला असावा. ते वाचून मी यादीवाल्यांना कळवले. यादीवाले म्हणतात, मूळ ओळ चुकली होती असे पान करणाऱ्याने सहीनिशी लिहून द्यावे. तीनदा लिहिले, तीनदा फाडले. मी गेलो तर ते लिहून देणारा कोणी उरणार नाही आणि ती कायमची चोर आणि कायमची मेलेली राहील, याची मला सोमवारपेक्षा जास्त भीती वाटते.

म्हणून: चौथे पत्र सहीसह सोबत जोडले आहे, ते सोनिकाने पाठवावे. लॅपटॉप तिचा. पासवर्ड औषधांच्या डब्यात, चिठ्ठीवर. वेबसाइट बंद पडू देऊ नये. आणि हे कलम त्याच हॉलमध्ये, त्याच माइकवर मोठ्याने वाचावे. सोनिकाने वाचावे, तिलक शब्द गिळतो.

इथवर लिहून मी बुधरामला वाचून दाखवले. पंचवीस वर्षे ग्रंथालयात तो माझ्यासोबत शिपाई होता. तो म्हणाला, "मेल्यावर कायले सांगता गुरुजी? ते बाई जित्ती आहे न." मला राग आला. मग त्यालाच फुलचूरला पाठवले, आणि निरोप दिला की दुसऱ्या साक्षीदाराच्या जागी तिने सही करावी. कागद आधी पूर्ण वाचावा. ती येईल की नाही ठाऊक नाही. फाटक वाजले की पेन थांबते आहे.

पाच. शामकलाला मी काही देत नाही. वकील म्हणाले, साक्षीदाराच्या नावे काही ठेवू नये. शिवाय तिचे साल तिला परत करणे, याला देणे म्हणत नाहीत.

लिहिलेले सारे माझे आहे, चुकीसह.

सही: केशोराव दुलीचंद रहांगडाले
आमगाव, ज्येष्ठ शके १९३६, म्हणजे इसवी सन २०१४, जून महिन्याची दहा तारीख. दोन्ही लिहिली आहेत.

साक्षीदार पहिला: बुधराम मडावी, आमगाव (सही)

साक्षीदार दुसरी: शामकला टिकाराम कटरे, फुलचूर (सही)
सगळं वाचलं. सोनिका नाही वाचत हॉलमंदी. नागपूरहून वापस येजो अन् तूच वाचजो. मी समोर बसतो. मी जित्ती आहो.